भिवाचं पान

“दरोडेखोराला आईंच्या शेजारी बसवायचं, बाबा?”

वल्लरीच्या हातातलं केळीचं पान हातातच राहिलं. सर्वपित्री अमावस्या होती. करी रोडच्या टॉवरमधलं ते घर वड्यांच्या वासाने भरलं होतं. टेबलावर गणपतच्या आईवडिलांची, आजीआजोबांची पानं मांडून झाली होती. यंदा प्रथमच त्यांत त्याच्या बायकोचं, मीराबाईचं पान होतं. तिकडे बघायचं गणपत टाळत होता.

“तुझ्या सासूनेच इतकी वर्षं वाढलंय ते. सगळ्यांच्या आधी.”

“म्हणजे चोराला मान, आणि घरचे वाट बघत बसणार.”

गणपत हसला. लग्नानंतर मीराबाईही हेच म्हणाली होती. पण जाताना त्याचा हात धरून तिने सांगितलं होतं, भिवाचं पान बंद पडू देऊ नका. आता वाढणारे हात सुनेचे होते. तिच्या मनाला पटलं नाही, तर गणपतच्या मागे ते पान बंदच पडणार होतं.

“ऐक तर. माझी आजी रखमा आणि आजोबा माधव गिरणीत चिकटायला म्हणून गावाहून चालत निघाले. नवीन लग्न. घाटात भिवा आडवा आला. त्याच्या नावाने गावंच्या गावं दिवसाउजेडी दारं लावून घ्यायची. त्याने आजीचं डोरलं मागितलं. ती रडायला लागली, तसा ओशाळला. म्हणाला, राहू दे. तेवढ्यात पोलिसांची गोळी आली. मरणाऱ्याला आजीने पाणी पाजलं. एवढंच म्हणाला, मला उपाशी ठेवू नकोस.”

“आणि आजोबा?”

“ते तसे भित्रेच. पुन्हा कधी गावी गेले नाहीत. गावचं माणूस चाळीत आलं की डबल पाळी लावून घ्यायचे. फोटो काढायचा म्हटलं की पाठ फिरवायचे. आमची आजी म्हणायची, वाघ घाटात राहिला, घरी आली मांजर.”

वल्लरी खुदकन हसली.

“पण हे पान स्वतः मांडायचे,” गणपत म्हणाला. “ते उचलल्याशिवाय घास घ्यायचे नाहीत.”

वल्लरीने मीराबाईच्या पानाकडे पाहिलं, मग सासऱ्याकडे. त्याचे डोळे भरून आले होते.

“आईंनी सांगितलंय ना? मग मी असेपर्यंत वाढीन.”

तिने पान पुसलं. मीराबाईच्या शेजारीच मांडलं. खीर, वडे, काळ्या वाटाण्याची उसळ, सगळं नीट वाढलं. हातावर पाणी घेतलं.

“भिवाच्या नावाने सोडू ना? आई नेहमी नाव मनातच घ्यायच्या.”

बाहेरच्या खोलीत तिचा नवरा हितेंद्र फोनवर बोलत होता. गणपतने उठून दार लोटलं. या घरात यापुढची गोष्ट सासूने सुनेला सांगायची, मुलग्यांना ती कळूच द्यायची नाही. शेवटच्या घडीला सून जवळ नव्हती, म्हणून मीराबाईने नाइलाजाने ती त्याच्यावर सोपवली होती.

“या पानावर माधवचं नाव घे, पोरी,” तो हळूच म्हणाला. “गोळी त्याला लागली होती. आजीला सांभाळून मुंबईत घेऊन आला, तो भिवा.”