उष्टा पेला

मुलीचं सासर स्पेनमधल्या अस्तुरियासच्या हिरव्या डोंगरकुशीत. सफरचंदांच्या बागेत जावयाने बाटली डोक्यावर नेली आणि कमरेशी धरलेल्या पेल्यात सफरचंदांच्या आंबूस दारूची झऱ्यासारखी धार सोडली. पेला सगळ्यांना मिळून एकच.

व्याह्यांनंतर तो भरून भास्कररावांकडे आला. त्यांनी आधी कड रुमालाने खसाखसा पुसली, मग थेंबही न उरवता पेला रिकामा करून परत दिला. सगळ्यांनी एकमेकांकडे पाहिलं.

“बाबा,” मुलगी पुटपुटली, “शेवटचा घोट ओठ लागलेल्या कडेवरून ओतून टाकतात. पुढच्याला उष्टं जाऊ नये म्हणून.”

भास्करराव ओशाळले. पेला धुवायला मागणार, तोवर जावयाच्या आजीने तो भरून घेतला. त्यांच्याच ओठांच्या जागी ओठ टेकवून म्हातारी प्यायली आणि हसून काही बोलली.

“घरच्या माणसाचं कसलं उष्टं, म्हणतायत,” मुलीने सांगितलं.

हातात रुमाल तसाच धरलेल्या भास्कररावांना आजीकडे बघवेना.