लू साहेबांचा शेवटचा सिनेमा

अगदी शेवटच्या रांगेतून कुणीतरी फिस्सकन हसलं आणि मालविकानं दचकून मागे पाहिलं.

पडद्यावर एक म्हातारा स्वतःसाठी शवपेटी घ्यायला दुकानात गेला होता. आत आडवं होऊन माप बघता बघता त्याला तिथंच झोप लागली, आणि इकडे त्याची मुलं रडत गावभर त्याला शोधत होती. बघता बघता दोह्याच्या मुशैरिब भागातलं ते अख्खं थिएटर खदखदून हसायला लागलं.

मालविकाच्या शेजारीच या सिनेमाचे लेखक-दिग्दर्शक, लू बाओशान, बसले होते. चीनमध्ये त्यांना दुःखाचा बादशहा म्हणत. तीस वर्षांत नऊ सिनेमे, कपाटभर पुरस्कार. हा आपला शेवटचा, असं त्यांनी सकाळीच पत्रकारांना सांगून टाकलं होतं.

मालविका त्यांची दुभाषी. पुण्यात चिनी शिकली आणि दोह्यात येऊन गॅस कंपनीच्या मीटिंगांमध्ये पाइपांच्या जाडीचं भाषांतर करत राहिली. सिनेमाचं काम तिला पहिल्यांदाच मिळालं होतं, आणि पहिल्याच दिवशी हे! तिनं चोरून शेजारी पाहिलं. लू साहेब रुमालानं डोळे टिपत होते.

‘खलास!’ ती मनात म्हणाली.

दिवे लागले. दोघं मंचावर गेले. लू साहेबांनी माइक ओढून घेतला. "सगळ्यांत आधी कोण हसलं?"

मालविकानं ते जमेल तितक्या गोड आवाजात इंग्रजीत सांगितलं.

शेवटच्या रांगेतून काळ्या पायघोळ अबायातल्या एक आजी उठल्या. "मी, सुमैया. माफ करा. पण माझे वडील अगदी असेच होते हो. दवाखान्यात भरती व्हायचं असलं तरी आधी खाट दाबून बघायचे."

भाषांतर करताना मालविकानं ‘माफ करा’ पदरचं आणखी एकदा घातलं.

लू साहेब मंचाच्या पायऱ्या उतरून थेट शेवटच्या रांगेकडे निघाले. मालविका मागोमाग धावली. आजींसमोर ते थांबले, छातीवर हात ठेवून कमरेत वाकले. मग चिनीत भराभर बोलू लागले.

मालविकाला आधी आपल्याच कानांवर विश्वास बसेना. मग तिनं एकेक शब्द मोठ्यानं सांगितला.

"बाई, माझे नऊच्या नऊ सिनेमे विनोदी आहेत. आजवर लोक आदरानं रडत आले, म्हणून वैतागून थांबत होतो. आता दहावा लिहायला घेतो."