चुलीपाशी ओले बूट

“खरं सांगा, साहेब. ते बूट तुम्ही स्वतःच्या डोळ्यांनी पाहिले होते?”

कॅचपोलबाईंनी हातातली कागदाची पुडी टेबलावर ठेवली. आत धुरावलेले हेरिंग मासे होते. बाईंच्या शालीलाही तोच वास होता. वृद्ध लेखक लायनेल स्टर्जेस यांनी खुर्ची पुढे केली. बाई खुर्चीच्या कडेला टेकल्या.

आदल्या दिवशी नाताळ होता. प्रथेप्रमाणे स्टर्जेस यांनी चर्चच्या सभागृहात आपली नवी भूतकथा वाचली होती. बुडालेल्या खलाशाची आई सकाळी स्वयंपाकघरात येते; चुलीपाशी मुलाचे बूट असतात, समुद्राच्या पाण्याने काठोकाठ भरलेले. कथा एवढीच. सबंध गाव शहारले होते.

“माझी जाऊ तुमच्या नावानं बोटं मोडतेय,” बाई म्हणाल्या. “परसाकडं जायचं तर नवऱ्याला कंदील घेऊन बाहेर उभा करते. तो म्हणतो, भूत परवडलं, पण ही बया नको.”

स्टर्जेस मनापासून हसले. बाई हसल्या नाहीत.

“माझा मुलगा विल्फ्रेड युद्धात समुद्रातले सुरुंग काढायच्या बोटीवर होता. बोट गेली, तोही गेला. पुरायला बोटभर काही मिळालं नाही. म्हणून विचारते. तुम्ही पाहिलंत की रचलंत?”

स्टर्जेस यांचा भुतांवर विश्वास नव्हता. सुताराने खुर्ची जोडावी तसे ते भूत जोडत. कथेत आधी टोपी होती. टोपीत पाणी टिकत नाही, म्हणून त्यांनी बूट केले. कोणी विचारले तर हे ते मोकळेपणाने सांगत. पाद्रीबाबांनाही त्यांनी सांगितले होते. पण समोरच्या बाईचे ओठ थरथरत होते. ‘नाही’ म्हणून या माउलीचा शेवटचा आधार काढून घेणे त्यांच्या जिवावर आले.

“पाहिले होते,” ते म्हणाले. “लहानपणी, शेजारच्या घरात.”

“देवाशपथ?”

“देवाशपथ.”

“त्या बाईनं काही केलं होतं का? प्रार्थना, तोडगा, काही?”

“काही नाही. आई होती, एवढं पुरे झालं. मुलं येतात, बाई.”

कॅचपोलबाई उठल्या. शाल घट्ट आवळून घेतली.

“मासे आजच खाऊन टाका,” त्या म्हणाल्या. दारापाशी त्यांचा पाय अडखळला. “तुम्ही ‘नाही’ म्हणाल, म्हणून आले होते मी. मेलेल्याला येताच येत नाही, असं मनाला बजावत दिवस काढले. म्हणजे येता येतं तर. माझाच तेवढा येत नाही.”

स्टर्जेस घाईघाईने दारापर्यंत आले.

“बाई, थांबा! मी खोटं बोललो. मी काही पाहिलेलं नाही. सगळं रचलेलं आहे, शब्दन् शब्द!”

बाई वळल्या. त्यांनी म्हाताऱ्याच्या दंडावर हलकेच हात ठेवला.

“तुम्ही भले आहात, साहेब,” त्या म्हणाल्या. “पण आता माझ्या समाधानासाठी खोटं नका बोलू.”