गोड बोलणारे पावणे

साठ-एकसष्टची गोष्ट. मुर्तिजापूरहून यवतमाळकडे निघालेल्या छोट्या गाडीत सदाशिव मास्तर अमेरिकेचा इतिहास वाचत होते आणि शेजारी बसलेला प्रेमसिंग पुस्तकातलं चित्र टक लावून पाहत होता. चित्रात डोक्यात पिसं खोवलेली माणसं होती आणि त्यांच्या माळरानातून गेलेले रूळ. प्रेमसिंगचा आजा याच मुलखात बैलांच्या पाठीवर मीठ वाहायचा. आगगाडी आली, धंदा बसला, तेव्हा कुठे त्यांचा तांडा दारव्ह्याजवळ जमिनीला टेकला होता.

"यायची जमीन घ्यायले पयले फौज आली असन, मास्तर?"

"नाही ना भाऊ. पयले मोजणीवाले आले. गोड बोलले, पाणी मागून प्यायले, रानात लाल चिंधीच्या खुंट्या ठोकल्या अन् गेले. फौज मागून आली."

"अन् हे लोक नुसते पाह्यत राह्यले?"

"त्यायले वाटलं, पावणे हायेत."

"लयच भोळे बापा!" प्रेमसिंग खो खो हसला आणि दारव्ह्याला उतरला.

तांड्यावर पोचला तेव्हा त्याची बायको मानीबाई दारातच उभी होती, मोठ्या खुशीत. "आज साहेब लोक आलते. काय गोड बोलले! पाणी मागत होते, मी ताक पाजलं."

प्रेमसिंगनं वावराकडे पाहिलं.



मधोमध ठोकलेल्या, लाल चिंधीच्या कोऱ्या खुंटीला तिनं बैल बांधला होता.