तिसरी बुडी

"अजून एकदा," दिग्दर्शक ऋषिराज म्हणाला आणि मनुबाई चरफडत पाण्यातून वर आली. दोन बुड्या मारून झाल्या होत्या. वाईच्या घाटावर ऊन मी म्हणत होतं, तरी तिला हुडहुडी भरली होती. सिनेमासाठी गावोगावच्या बायका गोळा करणाऱ्या क्रांतीनं तिला गोड बोलून आणलं होतं. "मावशी, बोलायचं कायबी न्हाई. नुस्ती आंगुळ करायची हाय."

आंघोळ कुणाच्या नावानं, ते इथं आल्यावर कळलं.

ऋषिराजला बोलायची भारी हौस. "जुन्या प्रेमकथेत दोघं विष पिऊन मरायचे. आता कोण विष पितंय? माझ्या सिनेमात दोघं पळून जाऊन सुखानं नांदतात. घरचेच त्यांना मेलेलं धरतात. आई जिवंत मुलीच्या नावानं आंघोळ करते!" जगावेगळं काही शोधून काढल्याची ऐट होती त्याची. मनुबाईला हसू आलं आणि रागही आला.

आठ वर्षांपूर्वी तिची लेक पल्लवी कवठे महांकाळच्या लियाकतबरोबर गेली, तेव्हा ह्याच घाटावर मनुबाईनं हेच केलं होतं. नवरा कृष्णात पलटणीत होता. भावकी पायऱ्यांवर नदीकडं तोंड करून उभी होती. कॅमेरा तेवढा नव्हता.

कृष्णात सुट्टीवर आल्यावर तिनं त्याला सांगितलं होतं, "एकदा जरी समोर आली आसती, तर म्या बुडी मारली नसती. पर फिरकलीच न्हाई." ते त्याच्या मनात जे बसलं ते बसलं. परवा पल्लवीचा निरोप आला, घरी येऊ का म्हणून. कृष्णात एवढंच म्हणाला, "तवा आली न्हाई, आता कशाला?" मनुबाई भाकरी थापत राहिली. तेव्हापासून तिला अन्न गोड लागत नव्हतं.

आताही तिनं पदर पिळला, पुन्हा पिळला. क्रांतीनं दिलेला चहा तसाच निवला. तिचं कोरडं लुगडं घेऊन कृष्णात बघ्यांच्या गर्दीत बसला होता.

"ह्या वेळी मुलगी दिसू दे," ऋषिराजनं ठरवलं. मुलीचं काम करणारी सृष्टी वरच्या पायरीवर येऊन उभी राहिली. हातात पिशवी, पायात धुळीनं भरलेल्या चपला. आईनं तिच्याकडं बघायचं आणि बघूनही बुडी मारायची.

मनुबाई कमरेएवढ्या पाण्यात गेली. नाक धरलं. वर पाहिलं. सृष्टी नुसती उभी होती. मनुबाईनं नाक सोडलं. पाणी ढकलत ती बाहेर आली, पायऱ्या चढली आणि सृष्टीचं मनगट तिनं घट्ट धरलं.

"मावशी, बुडी का नाही मारली?" ऋषिराज वैतागला.

तिनं त्याच्याकडं बघितलंही नाही. लुगडं छातीशी धरून कृष्णात उठून उभा राहिला होता. मनगट न सोडता ती त्याच्याकडं वळली.

"आवं," ती त्याला म्हणाली, "तवाबी पल्लवी हितंच उभी व्हती."