संत क्लाराची अंडी

आजही खुराड्यात अंडी नव्हती. बेनिंगने कोंबडीला हुसकावून खालचं गवत चाचपलं आणि तिची नजर आपोआप कुंपणापलीकडे गेली. शेजारच्या सालुदच्या अंगणात लग्नाचा मांडव उभा राहत होता.

जुलै निम्मा सरला तरी पावसाचा पत्ता नव्हता. भाताची रोपं वाफ्यातच पिवळी पडायला लागली होती. ती गेली तर वर्षभर घरात तांदूळ नाही. आणि लग्नघरची माणसं मठातल्या सिस्टरांकडे अंडी का नेतात, हे गावात पोराटोरांनाही ठाऊक होतं. संत क्लारा अंडी घेते आणि आभाळ कोरडं ठेवते.

बेनिंगने कोंबड्यांचा विषय काढून आडून आडून विचारलं. सालुद हसली. "काय गं, माझ्यावर संशय का? नवरीच्या डोक्यावर पाऊस पडला तर भाग्यच की. पडू दे खुशाल." ते हसणं बेनिंगला मुळीच आवडलं नाही. ज्याच्या पोटात काही असतं तोच इतकं मोकळं हसतो, असं तिला वाटलं.

दुसऱ्या दिवशी पहाटे खुराड्याचं दार करकरलं. बेनिंग अनवाणीच बाहेर आली. टोपली घेतलेली एक बाई, डोक्यावरून शाल ओढून, बांधावरून मठाकडे चालली होती. बेनिंग मागे मागे गेली. मठाच्या दाराशी तिने ती शाल खसकन खेचली.

सासूबाई होत्या.

"तुम्ही? आई, रोपं मरायला लागलीत. दिसत नाही का तुम्हाला?"

"दिसतंय ना. रोपं पुन्हा पेरता येतील," म्हातारी म्हणाली. "क्रिस्पिन त्या जुन्या होडीत आहे, अजून समुद्रावर."

मोठ्या माशांच्या मागे गेला की क्रिस्पिन आठवडा आठवडा परतत नसे. बेनिंगला नवऱ्याच्या त्या जाण्याची सवय झाली होती. त्याच्या आईला झाली नव्हती.

दारातली लाकडी खिडकी सरकली. आतून सिस्टरचा आवाज आला, "रोजचंच ना? पाऊस नको?"

सासूबाईंनी टोपली सुनेच्या हातात दिली. समुद्राकडून वारा सुटला होता, गार आणि ओला. बेनिंग इतके दिवस त्याचीच वाट पाहत होती.

"नको," ती म्हणाली. "तो घरी येईपर्यंत नको."