शेवटच्या सीनमधली गर्दी

आबेदा टीव्हीसमोर खुर्ची ओढून बसली आणि म्हणाली, "लाव."

अतीक डिस्क हातात धरून तसाच उभा राहिला. "अम्मी, परग्रहावरचा प्राणी माणसं खातो त्यात. तुला बघवायचं न्हाई."

"मला तुज्या अब्बांना बघायचंय. प्राणी खाऊ दे की."

अठ्ठावीस वर्षांपूर्वी मुळशी धरणाच्या काठावर या सिनेमाचं शूटिंग झालं होतं. आबेदाच्या नवऱ्याने, मोहिद्दीनने, त्यात प्रेताचं काम केलं होतं. तिथलं शूटिंग संपलं त्या संध्याकाळी तो पोहायला उतरला, असं सगळे म्हणाले. काठावर कपडे सापडले, मय्यत सापडली नाही. अतीक तेव्हा तीन वर्षांचा होता. आबेदाने पौडात बांगड्यांचं दुकान चालवून त्याला वाढवलं. दुसरा निकाह केला नाही. दरवर्षी ती त्याला पाण्यापाशी नेऊन अब्बांच्या नावाने फातिहा पढायला लावायची.

घरातल्या जुन्या कॅसेटमध्ये सगळे चेहरे पेजेत बुडाल्यासारखे दिसत. आता साफ केलेली नवी प्रत आली होती. अतीकने ती परवा मारुंजीच्या आपल्या फ्लॅटवर एकट्यानेच पाहिली. प्राण्याच्या रबरी कातडीची शिवणसुद्धा दिसत होती. प्रेत झालेल्या अब्बांची पापणी थरथरताना दिसली. आणि शेवटच्या सीनमध्ये, मुंबईच्या रस्त्यावर पळणाऱ्या गर्दीत, पुन्हा अब्बा. तुटक्या डाव्या भुवईसकट. डिस्कवरच्या मुलाखतीत दिग्दर्शक सांगत होता, हा सीन धरणावरच्या शूटिंगनंतर सहा महिन्यांनी घेतला.

अतीकने यातलं काही अम्मीला सांगितलं नव्हतं.

त्याने सिनेमा लावला. प्रेत दिसलं तशी आबेदाने ओढणी तोंडाला लावली. "किती तरणे हायेत," ती पुटपुटली.

"झालं. बंद करू?"

"ऱ्हाऊ दे."

"पुढं नुसती पळापळ हाय, अम्मी."

"मंग पळापळ बघू."

मुंबईचा रस्ता आला. अतीक उठून टीव्हीच्या आड उभा राहिला.

"बाजूला हो."

"अम्मी, माझं ऐक..."

आबेदा उठली. त्याच्या हातातून रिमोट घेतला, त्याला खांद्याने हलकेच सारलं आणि चित्र थांबवलं. मग जवळ जाऊन ती बराच वेळ तो चेहरा बघत राहिली.

"सहा महिन्यांनी मुंबईवरनं पत्र आलं होतं त्यांचं," ती म्हणाली. "परत येऊ का, म्हनून. मीच न्हाई म्हनले."